तोंड तिचं होतं

"तिला यातलं काही सांगायचं नाही," श्रीरंग पळसुले म्हणाला. "दोन दिवस ती तुझ्याकडे राहील. नुसत्या गप्पा मार. श्वास कुठे घेते, शब्द कुठे सोडते, एवढं पकड. बाकीचं मी बघतो."

समोरच्या लहानशा पडद्यावर एक बाई नदीच्या काठावर उभी होती. सावळी, रुंद खांद्यांची, पस्तिशीच्या आसपासची. मागे वैनगंगेचं पात्र, वाळूत ओढून ठेवलेली लहान नाव, तिकडचा डोंगा, आणि समोर खुर्ची टाकून बसलेला सरकारी अधिकारी. तो तिला सांगत होता, तुझा नावाडी नवरा पुरात गेला, आता विधवा म्हणून अर्जावर अंगठा दे, म्हणजे पुढचं काही करता येईल. ती ऐकत होती. चार मिनिटांचा तो एकच शॉट होता, मध्ये कुठेही न तोडलेला. शेवटी ती म्हणाली, "माह्या नवऱ्याचं मढं दाखवा साहेब. मंग कुकू पुसतो."

आवाज घोगरा होता. ओरडत नव्हती, तरी पलीकडच्या काठावर ऐकू जाईल असा. माझ्या हातातला चहा तसाच राहिला.

"पुसतो," श्रीरंग म्हणाला. "ऐकलंस ना? बाई असून पुसतो. तिकडे बायका असंच बोलतात. इथे या वाक्याला थिएटर हसेल. शिवाय वितरक म्हणतो, आवाज फाटका आहे, नायिकेचा वाटत नाही."

"आणि चेहरा?"

"चेहऱ्यासाठीच तर घेतलं तिला."

पंचवीस वर्षं झाली या गोष्टीला. मी तेव्हा एकतीस वर्षांची होते आणि आवाजाची कामं करत होते. रेडिओवरच्या श्रुतिका, साबणाच्या जाहिराती, दक्षिणेतून मराठीत आणलेल्या चित्रपटांतल्या नायिकांच्या बहिणी. माझा आवाज पुष्कळांच्या कानांवरून गेलेला होता, मला मात्र कोणी ओळखत नव्हतं. श्रीरंगचा 'डोंगा' हा पहिलाच चित्रपट. मित्रांकडून, नातेवाइकांकडून उभं करून त्याने तो केला होता, आणि त्यातली नायिका त्याला वडश्याला एका नाटकाच्या तंबूत सापडली होती. तिचं नाव सत्यफुला नन्नावरे. श्रेयनामावलीत त्याने नुसतं 'सत्या' केलं होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती माझ्या कोथरूडच्या दोन खोल्यांत आली. खांद्याला कापडी पिशवी आणि हातात तांदळाचं बोचकं. चपला बाहेर काढून ती दारातच थांबली.

"तुमीच का ताई? सायबानं सांगतलं, तुमी मले शिकवनार म्हून."

"मी नीलाक्षी. आत ये ना."

"आमच्याइकडचे नवे तांदूळ हायेत. भात मऊ होते."

शिकवणार. श्रीरंगने तिला तेवढंच सांगितलं होतं: डबिंगला शहरातलं बोलणं लागतं, ते एक बाई तुला दोन दिवसांत शिकवतील.  मी तिच्या हातातलं बोचकं घेतलं आणि चहा ठेवला.

पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीतली नाटकं मी ऐकून होते, पण त्यात काम करणारं माणूस कधी पाहिलं नव्हतं. दिवाळी झाली की होळीपर्यंत गावोगावच्या शंकरपटाला, म्हणजे बैलांच्या शर्यतींना, आणि मंडईच्या जत्रांना नाटकं लागतात. हजार-दोन हजार माणूस जमिनीवर बसलेलं असतं. सत्यफुला सोळाव्या वर्षापासून त्यात उभी राहत होती. तिचा नवरा त्याच मंडळीत ऑर्गन वाजवायचा. "पैले मी सून व्हायची, आता सासू होतो," ती म्हणाली. "मधात काई होतच नाई आमच्यात. सून नाई तं सासू." या चित्रपटासाठी तिने अख्खा हंगाम सोडला होता. तिच्या जागी मंडळीने नागपूरची एक मुलगी घेतली होती.

"परत घेतील ना तुला?"

"पिक्चर चालला तं घेतीन. नाई चालला तं हासतीन." तिने बशीतला चहा फुंकला. "म्हून तं म्हनतो, मले चांगलं शिकवा ताई."

मग ती शिकायला बसली. दोन्ही दिवस, जेवणाचा वेळ सोडला तर, स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी पाय पसरून बसायची आणि मी सांगेन ते म्हणायची. पुसतो नाही, पुसते. मंग नाही, मग. माह्या नाही, माझ्या. चुकली की स्वतःच्या मांडीवर चापट मारायची आणि पुन्हा सुरू करायची. मी मान हलवायची, छान म्हणायची. आणि तेव्हा मी खरं तर तिचा श्वास मोजत होते. नाही म्हणण्याआधी ती हलकेच आवंढा गिळायची. राग आला की आवाज वर न जाता खाली जायचा. लांब वाक्याच्या शेवटी ती शब्द टाकून न देता तो हळूच ठेवायची. असं ठेवणं मी कुठल्याच नटीकडे ऐकलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी मी म्हटलं, "एकदा तो नदीकाठचा सीन तुझ्या पद्धतीने म्हण. मला तुलना करायची आहे." आणि टेपरेकॉर्डर लावला.

तिने यंत्राकडे पाहिलं. "हे कायले?"

"अभ्यासाला."

तिने पदर खोचला आणि बसल्या जागी चार मिनिटांचं ते सगळं म्हणून दाखवलं. शेजारच्या देसाईकाकू गॅलरीतून डोकावल्या आणि तिथेच उभ्या राहिल्या. संपल्यावर सत्यफुला हसली, घाम पुसला, आणि म्हणाली, "आता शुद्ध म्हनू?"

त्या संध्याकाळी श्रीरंग आला. स्टुडिओतलं यंत्र बिघडलंय, डबिंग पुढे गेलं, कळवतो, असं त्याने तिला तोंड भरून हसत सांगितलं. ती उठून उभी राहिली. "पन मले सारं पाठ हाय सायेब."

"राहू दे ना पाठ. विसरू नकोस."

ती गेली, आणि चार दिवसांनी मी स्टुडिओत जाऊन 'डोंगा' बोलले. तिच्याच आवंढ्यांनी, तिच्याच थांबण्यांनी, आणि माझ्या आवाजात. टेप मी बरोबर नेली होती. प्रत्येक प्रसंगाआधी मी टेप ऐकायची आणि मग काचेच्या आत जायची. नदीकाठचा सीन पहिल्याच वेळी ओके झाला. श्रीरंगचे डोळे ओले झाले होते. मी काही चांगलं केलंय हे मला कळत होतं. नाही कळत असं म्हटलं तर ते खोटं होईल.

जानेवारीत पुण्यातच एका महोत्सवात 'डोंगा' स्पर्धेसाठी निवडला गेला. सत्यफुलाला आमंत्रण गेलं. ती पुन्हा माझ्याकडेच उतरली. या वेळी नवी मोरपंखी साडी होती आणि केसांत मोगऱ्याचा गजरा.

"डबिंगचं काय झालं मंग?" तिने रिक्षात विचारलं. "मले बलावलंच नाई."

"श्रीरंगला विचार," मी म्हटलं.

सांगायची वेळ तीच होती. रिक्षा सिग्नलला दीड-दोन मिनिटं थांबली होती. मी बाहेर बघत राहिले. मला वाटतं, तिला त्याच वेळी कशाची तरी कुणकुण लागली असावी, कारण त्यानंतर तिने एक शब्द विचारला नाही.

दुपारचा तीनचा खेळ. सभागृह भरलेलं. आम्ही मधल्या रांगेत बसलो होतो, श्रीरंग पुढे परीक्षकांच्या जवळ. पहिली सात मिनिटं चित्रपटात कोणी बोलत नाही, नुसती नदी आणि वल्हं. सत्यफुला स्वतःकडे मान वर करून बघत होती. पडद्यावर एवढी मोठी ती तिला पहिल्यांदाच दिसत होती. तिने माझा हात धरला. मग पडद्यावरच्या तिने तोंड उघडलं आणि मी बोलू लागले.

तिने हात काढून घेतला नाही. तो नुसता सैल झाला. थोड्या वेळाने मीच माझा हात मांडीवर घेतला.

तिने माझ्याकडे पाहिलं नाही. रडली नाही. चित्रपट पुढे जात होता, लोक अगदी गप्प होते, मधूनच कोणीतरी नाक ओढत होतं. नदीकाठचा प्रसंग आला तेव्हा मला शेजारून काहीतरी ऐकू यायला लागलं. आधी वाटलं, पुटपुटतेय. मग कळलं, ती बोलत होती. पडद्यावरच्या ओठांबरोबर, अगदी हळू, ती तिच्या भाषेत तिचे शब्द म्हणत होती. माह्या नवऱ्याचं. माझ्या आवाजाखाली तिचा आवाज, एकाच ठिकाणी थांबत, एकाच ठिकाणी आवंढा गिळत.

पुढच्या रांगेतली एक बाई मागे वळली. शाल पांघरलेली, चष्मेवाली. "अहो, जरा शांत बसता का? सिनेमा ऐकू द्या."

सत्यफुलाने तोंड मिटलं. त्या बाईंनी तिला ओळखलंही नाही.

खेळ संपल्यावर टाळ्या पुष्कळ वाजल्या. लोक उठायला लागले. ती पडद्यावरच्या पाट्या पूर्ण संपेपर्यंत बसून राहिली, ओठ हलवत एकेक नाव वाचत. मग म्हणाली, "चला."

बाहेर व्हरांड्यात चहा होता. लोकांनी तिला घेरलं. कोणी हात जोडत होतं, कोणी सही मागत होतं. श्रीरंग तिच्या खांद्यामागे उभा होता आणि ती उत्तर द्यायच्या आत तोच उत्तर देत होता. "सत्या थोडी बुजलीय." ती फक्त हात जोडत होती.

मी जिन्यापाशी एकटी उभी होते. परीक्षकांपैकी साठ्येबाई माझ्याकडे आल्या. आयुष्यभर त्यांनी चित्रपट शिकवला होता, केस पांढरे, बोलणं मोजकं.

"तुम्ही रेडिओवर असता ना?"

"असते कधीकधी."

"मग एक विचारू? आमच्या नियमात अभिनेत्रीचं पारितोषिक स्वतःच्या आवाजात काम केलेल्या बाईलाच देता येतं. तिचं काम आम्हा तिघांनाही फार आवडलंय. जवळजवळ ठरल्यासारखं आहे. पळसुल्यांनी लिहून दिलंय की आवाज तिचाच." त्या थांबल्या. "पण मला तो आवाज ओळखीचा वाटला. तुमचा आहे का?"

व्हरांड्याच्या त्या टोकाला सत्यफुलाची मोरपंखी साडी दिसत होती.

"हो," मी म्हटलं. "माझा आहे."

"पूर्ण चित्रपट?"

"पूर्ण."

त्यांनी मान हलवली. "बरं केलंत सांगितलंत. लोक सांगत नाहीत."

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी निकाल लागला. अभिनेत्रीचं पारितोषिक एका दुसऱ्याच चित्रपटातल्या मुलीला गेलं. 'डोंगा'ला छायाचित्रणाचं मिळालं. आणि सगळ्यात शेवटी परीक्षकांचा विशेष उल्लेख म्हणून माझं नाव पुकारलं गेलं, पार्श्वस्वरासाठी. मी तयार नव्हते. व्यासपीठावर जाताना मला पायऱ्या दिसेनात. मानचिन्ह हातात घेऊन वळले तेव्हा तिसऱ्या रांगेत सत्यफुला इतरांसारखीच टाळ्या वाजवत होती.

श्रीरंगने मला बाहेर गाठलं. "तू काय केलंस कळतंय का तुला? ठरलं होतं तिचं. अभिनेत्रीचं मिळालं असतं तर चित्रपट राज्यभर लागला असता. तिचं आयुष्य बदललं असतं."

"तू तिला फसवलंस," मी म्हटलं.

"हो, फसवलं. पण तिला बक्षीस मिळवून देत होतो मी. तू काय दिलंस?"

 आपण खऱ्याच्या बाजूने उभे राहिलो, असं मी स्वतःशी म्हणत घरी गेले.

तिची नागपूरची गाडी दुसऱ्या दिवशी दुपारची होती. फलाटावर आम्ही बाकावर बसलो.  मीच सुरुवात केली.

"सत्यफुला, तुला आधी सांगायला हवं होतं. माझं चुकलं."

"हं."

"त्या साठ्येबाईंनी विचारलं, आवाज कोणाचा. मी खरं तेच सांगितलं. खोट्यावर मिळालेलं बक्षीस तुला नको असतं, असं मला वाटलं."

तिने आवंढा गिळला. आता ती नाही म्हणणार, हे मला आधीच कळलं.

"मले कोनी इचारलं नाई," ती म्हणाली. "मले इचारलं असतं तं मी माहाच म्हनली असती."

"खोटं बोलली असतीस?"

"हाव. बोलली असती. त्याच्यात काय ताई? तोंड तं माहं होतं ना? पानी माह्या डोयातलं होतं ना? थंडीचे दिवस मी नदीत उभी रायली, तुमी नाई. बक्षीस घेतलं असतं आनं घरी नेलं असतं. मंडळीवाल्याईले दाखवलं असतं. आता काय दाखवू? मी जाऊन काय सांगू, की थ्या पिक्चरमदी मी हायो पन मी बोलत नाई?"

तिचा आवाज खाली गेला होता. फलाटावर गर्दी होती, पण मला प्रत्येक शब्द ऐकू येत होता.

"मी तुझ्यासाठीच..." मी म्हटलं.

"माह्यासाठी नाई," ती म्हणाली. "तुमचं नाव नोतं पाट्याईवर. मी शेवटपावतर बसली होती. सारे नावं वाचले. डायवरचं होतं, चहावाल्याचं होतं. माहं अर्धं होतं, तुमचं नोतंच. मी वाचून झाल्यावर तुमच्याइकडे पायलं, तवा तुमचं तोंड पायलं मी. मले तवाच समजलं होतं, की ह्या बाईले कोनी इचारलं तं हे गप नाई रायनार."

 तिने सांगितलं ते तसंच होतं. त्या दुपारी अंधारात मीही एकेक नाव वाचत होते. श्रीरंगने कबूल केलेली एक ओळ शोधत होते. शेवटची पाटी वर सरकून गेली तेव्हा माझ्या मनात जे आलं होतं, त्यात सत्यफुला कुठेच नव्हती. साठ्येबाईंनी विचारायच्या आधीच मी जिन्यापाशी जाऊन उभी होते, कोणीतरी विचारावं म्हणून.

"मी रागावली नाई," ती उठत म्हणाली. "तुमच्या जाग्यावर मी असती तं मी बी सांगतलं असतं. फक्त माह्यासाठी सांगतलं म्हनू नका."

गाडी आली. मी तिची पिशवी उचलायला गेले, तर तिने आधीच खांद्याला लावली होती. खिडकीत बसल्यावर तिने माझ्याकडे पाहून मान हलवली, ओळखीच्या माणसाला हलवावी तशी. बस्स.

'डोंगा' दोन शहरांत लागला आणि आठवड्यात उतरला. वडश्यात तो पुढे कधीतरी टीव्हीवर दिसला. मंडळीने तिला परत घेतलं खरं, पण श्रीरंगकडून कळलं ते असं की ती रंगमंचावर आली की मागच्या रांगांतून ओरडा व्हायचा, पिक्चरमधला आवाज काढ म्हणून. एक हंगाम तिने सोसलं, मग मंडळी सोडली.

श्रीरंगने दुसऱ्या चित्रपटासाठी तिला विचारलं. तिने निरोप पाठवला, माहा आवाज राहीन तं येतो. त्याने दुसरी मुलगी घेतली. त्या मुलीचं डबिंग मी केलं. विशेष उल्लेखानंतर मला कामाची कमतरता पडली नाही, पुढे अभ्यासक्रमांतून शिकवायलाही बोलावलं गेलं. श्रेयनामावलीत माझं नाव यायला लागलं, तेही चांगल्या ठळक अक्षरात. सत्यफुलाला त्या काळात मी तीन पत्रं लिहिली. उत्तर एकाचंही आलं नाही आणि का यावं, हे मला कळत होतं.

ती त्यानंतर एकाच चित्रपटात दिसली. नागपूरच्या कोणा तरुण दिग्दर्शकाचा होता, पुण्यात एका जुन्या थिएटरात सकाळच्या खेळाला लागला होता. पोस्टरवर तिचं पूर्ण नाव पाहिलं म्हणून मी गेले. सात-आठ माणसं होती. गावातल्या एका मुक्या बाईची भूमिका होती. दीड तास ती पडद्यावर होती आणि एक शब्द बोलली नाही. मी खुर्चीत अवघडून बसले होते. तिने ती भूमिका का घेतली असेल, हे कोणी समजावून सांगायची गरज नव्हती.

उत्तरार्धात एक प्रसंग आहे. तिची बकरी रस्त्यावर ट्रकखाली येते. ती धावत येते, खाली बसते आणि तोंड उघडते. मला वाटलं, आता संगीत येईल. तसं झालं नाही. त्या दिग्दर्शकाने चित्रीकरणाच्या वेळचाच आवाज ठेवला होता. घशातून निघालेला, घोगरा, एक-दोन सेकंदांचा. शब्द नाही, काही नाही. पण तो खरोखर तिचाच, हे थिएटरात मला एकटीला माहीत होतं.

चित्रपटांत तिचा स्वतःचा आवाज आहे तो एवढाच.

मी दुसऱ्या दिवशी पुन्हा गेले. बाहेर पोस्टर काढून दुसऱ्या चित्रपटाचं लावत होते.